मेंदूतल्या वाटा आणि कुत्र्याचा चावा

जरीपटक्याच्या बाजारात एखाद्या विजेच्या खांबाकडे मान वर करून पाहिले की केबलच्या, इंटरनेटच्या आणि टेलिफोनच्या वायरींचा गुंता दिसतो. यातली कोणती वायर कोणाच्या घरात जाते, हे नुसते पाहून कोणालाही सांगता येणार नाही. दुरुस्तीला आलेला केबलवाला मात्र एक साधी युक्ती करतो. तो एका टोकातून सिग्नल सोडतो आणि तो कोणत्या टोकाला निघतो ते तपासतो. गुंता सोडवायची गरज पडत नाही, वायर मात्र सापडते.

मेंदूचा अभ्यास करणाऱ्यांपुढेही हाच प्रश्न आहे, फक्त खांब फार मोठा आहे. माणसाच्या मेंदूत सुमारे ८,६०० कोटी मज्जापेशी आहेत. प्रत्येक पेशीतून एक लांब धागा निघतो. त्याला अक्षतंतू म्हणतात. या धाग्याची जाडी अनेकदा मिलिमीटरच्या हजाराव्या भागाइतकीच असते, पण कमरेच्या पातळीपासून पायाच्या अंगठ्यापर्यंत जाणारा धागा जवळजवळ एक मीटर लांब असतो. धाग्याच्या टोकाला तो पुढच्या पेशीशी जोडला जातो. या जोडणीला सिनॅप्स म्हणतात. एकेका पेशीवर असे हजारो सिनॅप्स असू शकतात. कोणती पेशी कोणाशी जोडली आहे हे कळल्याशिवाय हात कसा हलतो, भूक कशी लागते किंवा व्यसन का सुटत नाही, यांचे पूर्ण उत्तर मिळत नाही.

गेल्या दीडशे वर्षांत या वाटांचा माग काढण्याच्या अनेक पद्धती प्रयोगशाळांनी शोधल्या. त्यांतली आज सर्वांत काटेकोर मानली जाणारी पद्धत ज्या विषाणूपासून तयार झाली, त्याचे नाव ऐकून नागपूरकर वाचक दचकेल. तो रेबीजचा विषाणू आहे. शास्त्रज्ञांना तो इतका उपयोगी का पडतो, हे नीट समजले की कुत्रा चावल्यावर पहिल्या दिवशीच धावपळ का करायची, हेही आपोआप समजते.

काळ्या रंगात उमटलेली पेशी

मेंदूचा पातळ काप करून सूक्ष्मदर्शकाखाली ठेवला, तर फिकट आणि एकसारखा पसारा दिसतो. सगळ्याच पेशी रंगवल्या तर सगळे एकमेकांत मिसळते आणि काहीच वेगळे काढता येत नाही. १८७३ मध्ये इटलीतील डॉक्टर कामिलो गोल्जी यांना यातून वाट सापडली. मिलानजवळच्या अब्बियातेग्रासो गावातल्या रुग्णालयात नोकरी करताना ते तिथल्या स्वयंपाकघरात प्रयोग करत. पोटॅशियम डायक्रोमेटमध्ये मुरवलेला मेंदूचा तुकडा त्यांनी सिल्व्हर नायट्रेटमध्ये ठेवला, तेव्हा पिवळसर पार्श्वभूमीवर मोजक्याच पेशी फांद्यांसकट काळ्याभोर उमटल्या. शेकडो पेशींमधली एखाददुसरीच रंगत होती आणि नेमका हाच फायदा होता. गर्दीतला एकच माणूस उजेडात आल्यावर त्याचे हातपाय मोजता यावेत, तसे हे झाले.

स्पेनच्या सान्तियागो रामोन इ काहाल यांनी १८८७ पासून हीच पद्धत सुधारून वापरली. प्रत्येक मज्जापेशी स्वतंत्र आहे, ती दुसरीला चिकटते पण तिच्यात विलीन होत नाही, असे त्यांनी दाखवून दिले. गोल्जी मात्र सगळा मेंदू म्हणजे एक अखंड जाळे आहे, या मतावर ठाम राहिले. १९०६ चे नोबेल पारितोषिक दोघांना विभागून मिळाले, तरी मतभेद मिटला नाही. पुढच्या संशोधनाने काहाल यांचे म्हणणे खरे ठरवले.

पण या पद्धतीला मर्यादा होती. काप पातळ असतो आणि अक्षतंतू लांब असतो. धागा कापाबाहेर गेला की माग तुटतो. जवळची शेजारीण दिसते, दूरचा नातेवाईक दिसत नाही.

तोडा आणि वाट पाहा

दूरच्या वाटा शोधायला एक कठोर मार्ग आधीच माहीत झाला होता. १८५० मध्ये ऑगस्टस वॉलर यांनी बेडकाच्या जिभेकडे जाणाऱ्या नसा कापल्या आणि काही दिवसांनी तपासल्या. कापलेल्या जागेच्या पलीकडचा, पेशीपासून तुटलेला भाग तुकडे तुकडे होऊन नष्ट होत होता. धागा जगतो तो पेशीच्या जिवावर, हे त्यातून कळले. पुढे संशोधकांनी प्राण्यांच्या मेंदूतला ठराविक भाग इजा करून निकामी केला आणि कोणते दूरचे धागे झिजतात ते पाहून वाटांचे नकाशे काढले. १९५० च्या दशकात वॉले नाउटा यांनी झिजणारे धागे चांदीच्या क्षाराने वेगळे रंगवण्याची पद्धत बसवली आणि या कामाला वेग आला.

तरीही ही पद्धत म्हणजे वायर कापून कोणाच्या घरातला टीव्ही बंद पडतो ते पाहण्यासारखी होती. इजा करताना जवळून जाणारे परके धागेही कापले जात आणि नकाशात चुकीच्या वाटा शिरत.

पेशीतली मालवाहतूक

खरी कलाटणी मिळाली ती मज्जापेशीच्या आतल्या एका सोयीमुळे. पेशीला लागणारी बहुतेक प्रथिने तिच्या मुख्य भागात तयार होतात. एक मीटर दूरच्या टोकापर्यंत ती पोहोचवावी लागतात आणि तिथला वापरलेला माल परत आणावा लागतो. १९४८ मध्ये पॉल वाइस आणि हेलन हिस्को यांनी नसेभोवती आवळपट्टी घातली. तेव्हा आवळलेल्या जागेच्या अलीकडे, म्हणजे पेशीच्या बाजूला, धागे फुगले. धरणाच्या भिंतीपाशी पाणी तुंबावे तसा माल तुंबत होता.

आज ही वाहतूक बरीच तपशिलात माहीत आहे. अक्षतंतूच्या आत रुळांसारख्या सूक्ष्म नलिका असतात. त्यांच्यावरून चालणारी प्रथिने माल ओढतात. पेशीकडून टोकाकडे नेणाऱ्या प्रथिनांना किनेसिन म्हणतात. टोकाकडून पेशीकडे माल परत आणणाऱ्या प्रथिनाला डायनिन म्हणतात. जलद माल दिवसाला २० ते ४० सेंटीमीटर पुढे सरकतो. परतीची गाडी थोडी हळू असते.

स्वीडनमधील क्रिस्टर क्रिस्टेन्सन आणि इंग्वे ओल्सन यांनी १९७१ मध्ये या परतीच्या गाडीत एक अनोळखी प्रवासी बसवला. मोहरीच्या कुळातल्या हॉर्सरॅडिश या वनस्पतीच्या मुळातून निघणारे पेरॉक्सिडेज नावाचे विकर त्यांनी प्राण्याच्या स्नायूत टोचले. स्नायूतल्या नसेच्या टोकांनी ते आत घेतले, डायनिनने मागे ओढले आणि ते त्या स्नायूला हुकूम देणाऱ्या पेशींत जाऊन जमले. नंतर योग्य रसायने घातली की ज्या पेशीत विकर असेल ती तपकिरी दिसते. पुढच्याच वर्षी अमेरिकेत जेनिफर आणि मॅथ्यू लाव्हेल यांनी कोंबडीच्या पिलाच्या डोळ्यात हे विकर टोचून मेंदूतल्या पेशींपर्यंत त्याचा माग काढला. म्हणजे ही युक्ती मेंदूच्या आतल्या वाटांनाही लागू पडत होती.

या विकराला प्रयोगशाळेत एचआरपी म्हणतात. रुग्णालयाच्या प्रयोगशाळेत एलायझा पद्धतीने होणाऱ्या अनेक रक्तचाचण्यांत रंग आणण्याचे काम हेच विकर करते. ज्यांनी कधी अशी चाचणी करून घेतली आहे, त्यांच्या रक्ताच्या नमुन्याशी या मुळाची गाठ पडलेली असण्याची बरीच शक्यता आहे.

याच काळात उलट दिशेची युक्तीही आली. किरणोत्सारी अमिनो आम्ल पेशींजवळ टोचले की पेशी त्यापासून प्रथिन बनवते आणि धाग्याच्या टोकाकडे पाठवते. नंतर काप छायाचित्रणाच्या थरावर ठेवला की धागा जिथे संपतो तिथे काळे ठिपके उमटतात. आता केबलवाल्यासारखे दोन्ही टोकांकडून माग काढता येऊ लागला आणि त्यासाठी काहीही कापावे लागत नव्हते.

नागपूरच्या प्रयोगशाळेतले मासे

हे सगळे युरोप-अमेरिकेत घडले आणि आपण फक्त पुस्तकात वाचले, असे समजण्याचे कारण नाही. जरीपटक्यापासून शहराच्या पश्चिमेला, अमरावती रस्त्यावर नागपूर विद्यापीठाचा परिसर आहे. तिथल्या प्राणिशास्त्र विभागात डॉ. पी. डी. प्रसाद राव यांनी माशांच्या मेंदूचा आणि संप्रेरकांचा अभ्यास अनेक वर्षे केला. १९८२ मध्ये त्यांचा आणि न्यूयॉर्क मेडिकल कॉलेजचे डॉ. एस. सी. शर्मा यांचा एक शोधनिबंध ‘जर्नल ऑफ कम्पॅरेटिव्ह न्यूरॉलॉजी’ या जगभर मान असलेल्या नियतकालिकात आला. कॅटफिश माशाच्या डोळ्यातून निघालेले धागे मेंदूत कुठे कुठे पोहोचतात, हे त्यांनी एचआरपी आणि किरणोत्सारी अमिनो आम्ल या दोन्ही पद्धती वापरून दाखवले होते. लहान आणि प्रौढ अशा दोन्ही वयांच्या माशांवर हे काम झाले.

१९८७ मध्ये त्याच नियतकालिकात प्रसाद राव, ए. जी. जाधव आणि शर्मा यांचा गोल्डफिशवरचा निबंध आला. मेंदूतल्या कोणकोणत्या पेशी आपले धागे खाली मज्जारज्जूत पाठवतात, हा त्याचा विषय होता. असे शोधायचे तर मज्जारज्जूत खुणेचा पदार्थ ठेवायचा, तो धाग्यांतून वर चढू द्यायचा आणि मेंदूच्या कापांत कोणत्या पेशी रंगल्या ते मोजायचे.

काचेच्या पेटीत ठेवलेल्या माशाच्या मेंदूत इतके काय पाहायचे, असा प्रश्न पडू शकतो. गोल्डफिशच्या मेंदूच्या मागच्या भागात माउथनर पेशी नावाच्या दोन राक्षसी पेशी असतात. प्रत्येकीचा धागा विरुद्ध बाजूला जाऊन मज्जारज्जूत खाली उतरतो. पेटीच्या काचेवर टिचकी मारली की मासा क्षणात अंग वळवून पळतो, ते बहुतेक वेळा या पेशींमुळे. त्याहून महत्त्वाची गोष्ट म्हणजे गोल्डफिशचा मज्जारज्जू तुटला तरी बरेच धागे पुन्हा वाढतात आणि मासा काही आठवड्यांत परत पोहू लागतो. माणसात असे होत नाही. अपघातात मज्जारज्जूला इजा झालेला तरुण व्हीलचेअरवर येतो आणि बहुधा तिथेच राहतो. माशात कोणता धागा परत आला आणि कोणता नाही, हे ठरवायचे तर इजेपूर्वीचा नकाशा हाताशी असावा लागतो.

नागपुरात ही परंपरा थांबली नाही. प्रसाद राव यांच्यासोबत काम केलेले डॉ. निशिकांत सुभेदार पुढे नागपूर विद्यापीठाच्या औषधनिर्माणशास्त्र विभागात आणि नंतर पुण्याच्या आयसर या संस्थेत मेंदूतल्या रसायनांवर काम करत राहिले. नागपूरच्याच औषधनिर्माणशास्त्र विभागातील डॉ. दादासाहेब कोकरे, डॉ. सुभेदार आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा उंदरांवरचा एक अभ्यास २०१८ मध्ये प्रसिद्ध झाला. हायपोथॅलॅमसच्या बाजूच्या भागातल्या पेशी थॅलॅमसमधल्या एका मधल्या थांब्यातून पुढे आनंदाशी जोडलेल्या भागाशी कसा संवाद साधतात, हे त्यात मांडले आहे. भूक आणि व्यसन या दोन्हींचा संबंध अशा वाटांशी आहे. म्हणून ‘कोण कोणाशी जोडलेले आहे’ हा प्रश्न फक्त नकाशा काढणाऱ्याचा राहत नाही, औषध शोधणाऱ्याचाही होतो.

मृत मेंदूत आणि जिवंत माणसात

१९८० च्या दशकात ‘डाय-आय’ नावाचा लालसर चमकणारा रंग आला. तो पेशीच्या तेलकट आवरणात विरघळतो आणि आवरणाच्या कडेकडेने पसरत जातो. त्याला पेशीतली मालवाहतूक लागत नाही. त्यामुळे रसायनात जपून ठेवलेल्या मृत मेंदूतही तो चालतो. शवविच्छेदनात मिळालेल्या मानवी मेंदूच्या तुकड्यातही जवळपासच्या वाटा पाहता येऊ लागल्या. अडचण एवढीच की त्याला काही मिलिमीटर जायला आठवडे आणि कधी महिने लागतात.

जिवंत माणसाच्या मेंदूत अर्थातच असे काही टोचता येत नाही. तिथे एमआरआयची एक खास पद्धत मदतीला येते. धाग्यांच्या जुड्यांमध्ये पाण्याचे रेणू आडवे पसरण्यापेक्षा धाग्याच्या लांबीच्या दिशेने सहज पसरतात. यंत्र ही दिशा मोजते आणि संगणक त्यावरून वाटांचा अंदाज बांधतो. मेंदूतील गाठ काढताना बोलण्याच्या किंवा हालचालीच्या वाटा वाचवायला शल्यचिकित्सकाला याचा खरोखर उपयोग होतो. पण अशा अहवालातली लाल, हिरवी, निळी चित्रे पाहून रुग्णाने किंवा नातेवाइकांनी भारावून जाऊ नये. ते रंग यंत्राला दिसलेले नसतात, दिशा ओळखता यावी म्हणून संगणकाने भरलेले असतात. निरोप कोणत्या बाजूला जातो हे या चित्रातून कळत नाही, सिनॅप्स त्यात दिसत नाही आणि जिथे धागे एकमेकांना छेदतात तिथे संगणक नसलेली वाटही दाखवू शकतो. म्हणून या चित्रांचा अर्थ रुग्णाच्या तपासणीसोबतच लावायचा असतो.

सांधा ओलांडणारा प्रवासी

एक प्रश्न तरीही उरलाच. एचआरपी असो की इतर रंग, ते एका पेशीत जाऊन थांबतात. त्या पेशीला निरोप देणारी पेशी कोणती आणि त्याआधीची कोणती, हे कळायचे तर खुणेच्या पदार्थाने सिनॅप्स ओलांडला पाहिजे. शिवाय वाटेत तो विरळ होता कामा नये. हे दोन्ही काम एकच गोष्ट करू शकते. ती म्हणजे विषाणू. तो एका पेशीतून दुसरीत जातो आणि प्रत्येक पेशीत स्वतःच्या प्रती वाढवतो.

१९८० च्या दशकात यासाठी नागीण-गटातल्या हर्पिस विषाणूंचा वापर सुरू झाला. पण ते पेशी फोडतात आणि आजूबाजूला सांडतात. १९९५ मध्ये गॅब्रिएला उगोलिनी यांनी उंदराच्या जिभेला हालवणाऱ्या नसेत रेबीजचा विषाणू सोडून तो कसा पसरतो हे टप्प्याटप्प्याने दाखवले. हा विषाणू फक्त मागे, म्हणजे निरोप देणाऱ्या पेशीकडे जात होता. तो सिनॅप्सवरूनच पुढच्या पेशीत शिरत होता, शेजारी सांडत नव्हता. आणि आत राहूनही पेशीला लगेच मारत नव्हता. नकाशा काढणाऱ्याला याहून चांगला माग काढणारा मिळणे कठीण होते.

तरी एक घोळ होता. विषाणू थांबत नसे. अमुक दिवसांनी रंगलेली पेशी पहिल्या टप्प्याची की दुसऱ्या, हे नक्की सांगता येत नसे. २००७ मध्ये अमेरिकेतील साल्क इन्स्टिट्यूटमध्ये इयान विकरशॅम, एडवर्ड कॅलावे आणि सहकाऱ्यांनी त्याला लगाम घातला. रेबीजच्या विषाणूला पुढच्या पेशीत जायला आवरणावरचे एक प्रथिन लागते. त्यांनी त्या प्रथिनाचे जनुक काढून टाकले आणि त्याजागी जेलीफिशमधल्या हिरव्या चमकत्या प्रथिनाचे जनुक बसवले. मग त्या विषाणूला पक्ष्यांच्या एका विषाणूचा पोशाख चढवला. हा पोशाख ओळखणारे कुलूप सस्तन प्राण्यांच्या पेशीत मुळात नसते. म्हणून शास्त्रज्ञ ज्या पेशीत ते कुलूप मुद्दाम बसवतील, तिच्यातच तो शिरतो. त्याच पेशीला त्यांनी हरवलेले प्रथिनही पुरवले. त्याच्या आधारे विषाणू नेमका एक सिनॅप्स ओलांडतो. पुढच्या पेशीत ते प्रथिन नसल्याने तो तिथेच अडकतो आणि ती पेशी हिरवी चमकते. एका निवडलेल्या पेशीला थेट निरोप देणाऱ्या सगळ्यांची हजेरी अशा रीतीने घेता येते.

असा लंगडा केलेला विषाणूही काही आठवड्यांत पेशीला अपाय करतो. म्हणून २०१८ मध्ये त्यातले आणखी एक जनुक काढलेली, पेशीला कमी त्रास देणारी आवृत्ती पुढे आली. ही कामे सुरक्षित प्रयोगशाळेत होतात आणि तिथे काम करणारे आधीच रेबीजची लस घेतात.

तोच प्रवास, पण रुग्णाच्या पायातून

आता प्रयोगशाळेतून बाहेर येऊ. रात्री उशिरा दुचाकीवरून घरी जाणाऱ्याच्या पोटरीला गल्लीतला कुत्रा चावतो. लाळेतला विषाणू स्नायूत शिरतो. तिथे तो काही काळ रेंगाळतो आणि मग नसेच्या टोकातून आत जातो. पुढे त्याला स्वतः काहीच करावे लागत नाही. क्रिस्टेन्सन आणि ओल्सन यांच्या विकराला ज्या परतीच्या गाडीने नेले, तीच त्याला मज्जारज्जूकडे नेते. प्रयोगांत मोजलेला त्याचा वेग दिवसाला साधारण ५ ते १० सेंटीमीटर आहे. मज्जारज्जूत पोहोचला की तो सिनॅप्समागून सिनॅप्स ओलांडत मेंदूत जातो आणि तिथून नसांमार्गेच लाळग्रंथींत उतरतो.

ज्या गुणांमुळे तो शास्त्रज्ञांचा लाडका, त्याच गुणांमुळे तो डॉक्टरांना हतबल करतो. तो पेशी फोडत नाही, म्हणून वाटेत असताना ताप नाही, दुखणे नाही. तो रक्तातून फिरत नाही, म्हणून या काळात कोणतीही रक्तचाचणी त्याला पकडत नाही. तो पेशीच्या आत बसलेला असतो, म्हणून रक्तातल्या प्रतिपिंडांचा हात त्याच्यापर्यंत पोहोचणे फार अवघड होते. लक्षणे दिसतात तेव्हा तो मेंदूत पसरलेला असतो. पाणी पाहून घशात आकडी येऊ लागली, की त्यानंतर रुग्ण वाचल्याची उदाहरणे जगात हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीच आहेत.

म्हणून उपचाराची खरी वेळ एकच आहे. विषाणू नसेत शिरण्याआधीची.

लक्षणे दिसायला बहुधा दोन ते तीन महिने लागतात. काहींना आठवडाभरातच लागण दिसते, तर काहींना वर्षही लागते. पोटरीपासून मज्जारज्जूपर्यंतचे अंतर वरच्या वेगाने दोन आठवड्यांच्या आसपास कापले जाईल. उरलेल्या काळाचा बराच भाग विषाणू जखमेच्या परिसरात रेंगाळण्यात जातो. ही सवलत कोणाला किती दिवसांची मिळाली, हे मात्र चावल्याच्या दिवशी कोणीही सांगू शकत नाही. चेहरा, मान, हाताची बोटे या जागी नसा दाट असतात आणि चेहऱ्यापासून मेंदू जवळ असतो. तिथे ही सवलत कमी असण्याचीच शक्यता. लहान मुले उंचीने कमी असल्याने त्यांना चेहऱ्यावर चावे जास्त बसतात आणि घरी रागावतील म्हणून ती अनेकदा सांगतही नाहीत.

उपचाराचे तीन भाग आहेत आणि प्रत्येक भाग विषाणूला प्रवासाच्या वेगळ्या ठिकाणी अडवतो.

पहिला भाग घरीच होतो. जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने पंधरा मिनिटे धुवायची. या विषाणूचे आवरण तेलकट असते आणि साबण ते फोडतो. पंधरा मिनिटे म्हणजे घड्याळ लावून पंधरा मिनिटे. तिखट, हळद, चुना, तेल, तंबाखू यांपैकी काहीही लावू नये. त्याने विषाणू मरत नाही, उलट जखम चिघळते. जखम घट्ट बांधू नये. टाके घालायची घाई करू नये. ते आवश्यकच असतील तर डॉक्टर आधी पुढचे इंजेक्शन देऊन मग घालतात.

दुसरा भाग म्हणजे तयार प्रतिपिंडे. रक्त आलेल्या चाव्यात, किंवा कुत्र्याची लाळ उघड्या जखमेला, डोळ्याला वा तोंडाच्या आतल्या त्वचेला लागली असेल तर, ती जखमेच्या आत आणि भोवती टोचतात. लस घेतल्यावर शरीराने स्वतःची प्रतिपिंडे बनवायला एक ते दोन आठवडे लागतात. त्या मधल्या दिवसांत जखमेत रेंगाळणाऱ्या विषाणूला तिथेच पकडायचे काम ही तयार प्रतिपिंडे करतात. दंडात इंजेक्शन आणि जखमेत नाही, असे केले तर मधली फट उघडी राहते. पूर्वी ही प्रतिपिंडे माणसाच्या किंवा घोड्याच्या रक्तातूनच मिळत. पुण्याच्या सीरम इन्स्टिट्यूटने अमेरिकेतील मासबायोलॉजिक्ससोबत विकसित केलेले, प्रयोगशाळेत पेशींपासून बनवलेले प्रतिपिंड २०१७ मध्ये भारतात उपलब्ध झाले. जखमेतले हे इंजेक्शन दुखते, पण ते टाळण्याचे कारण नाही. पहिल्याच दिवशी मिळाले नाही, तर लसीच्या पहिल्या मात्रेपासून सात दिवसांच्या आत घेता येते.

तिसरा भाग लसीचा. त्वचेत द्यायची लस ०, ३, ७ आणि २८ व्या दिवशी असते. स्नायूत द्यायची असेल तर ०, ३, ७, १४ आणि २८ व्या दिवशी. पोटात चौदा इंजेक्शने घ्यावी लागतात ही भीती अजून काही घरांत आहे. मेंढीच्या मेंदूपासून बनणारी ती जुनी लस देशात सुमारे दोन दशकांपूर्वीच बंद झाली. आताची इंजेक्शने दंडावर, तर लहान मुलांना मांडीवर देतात. मेयो, मेडिकल आणि इतर सरकारी दवाखान्यांत लस मोफत मिळते. तिसऱ्या मात्रेनंतर जखम भरलेली दिसते आणि पुढची तारीख हुकते, हे नेहमीचे आहे. जखम भरली म्हणजे वाटेतला प्रवासी परतला, असे होत नाही.

कुत्रा पाळीव आहे, धडधाकट दिसतो, म्हणून दहा दिवस पाहू आणि मग ठरवू, हाही विचार धोक्याचा. लाळेत विषाणू येतो तो मेंदूत पोहोचल्यानंतर, म्हणून असा कुत्रा बहुधा दहा दिवसांत आजारी पडतो किंवा मरतो. निरीक्षणाचा नियम तिथून आला. पण ते निरीक्षण लस सुरू करून करायचे आहे. कुत्रा दहा दिवसांनी ठणठणीत राहिला तर डॉक्टर पुढच्या मात्रा थांबवायच्या की नाही ते ठरवतील. उलटपक्षी, चावा होऊन आठवडे उलटले आणि लस घेतलीच नसेल, तर आता काय उपयोग म्हणून घरी बसू नये. विषाणू अजून स्नायूतच असू शकतो. लक्षणे दिसेपर्यंत उपचाराला अर्थ असतो.

मेंदूतल्या वाटा शोधणाऱ्यांना या विषाणूने दीडशे वर्षे न सुटलेले कोडे सोडवून दिले. ज्याला कुत्रा चावला आहे त्याच्यासाठी त्या कामाचा सार एवढाच की विषाणूचा रस्ता आता नीट ठाऊक आहे आणि त्या रस्त्यावर त्याला अडवायची जागा अगदी सुरुवातीला आहे. बाहेर जायची गाडी काढण्याआधी नळ सुरू करावा, साबण घ्यावा आणि पंधरा मिनिटे जखम धुवावी. त्यानंतर त्याच दिवशी दवाखाना गाठावा.